साहेबांची झोप

कुलूप लावून झाल्यावर पुतणीने ते तीनदा ओढून पाहिलं. मग किल्ली गळ्यातल्या दोऱ्यात ओवली आणि फ्रॉकच्या आत टाकली.

"दुसरी किल्ली?"

"केलीच नाही," काका म्हणाला.

तेवीस वर्षं कुलपांच्या धंद्यात काढलेल्या माणसाचा शब्द होता, आणि तो खराही होता. त्याच्या हातची कुलपं अख्ख्या बाजारात नावाजलेली. फक्त घरात त्यांना कुणी भीक घालत नसे. किल्ली विसरून बाहेर गेलेली आजीसुद्धा केसातली पिन काढून दार उघडायची. लेकानेच शिकवलेली विद्या ती.

लाकडी पेटी जिन्याखालच्या गार कोपऱ्यात होती. आत हातभर ओलसर माती, वर वाळकी पानं, झाकणाला भोकं, आणि मातीत कुठेतरी साहेब. साहेब म्हणजे बेडूक. दिवसभर एका जागी बसायचं, डोळे अर्धवट मिटायचे आणि कुणी पुढ्यात आणून ठेवलं तरच खायचं, यावरून हे नाव पडलं होतं. पाठीवर मधोमध तुटलेली पिवळी रेघ ही त्यांची खूण. थंडी लागताच साहेबांची अन्नावरची वासना उडाली आणि मागच्या पायांनी माती ढकलत ते उलटे आत शिरले. आता तीन महिने उठायचं नाव नव्हतं. नेमके तेच तीन महिने पुतणी पोहण्याच्या शिबिराला निघाली होती.

"उकरून बघायचं नाही," तिने बजावलं. "आणि मेले तर मेले म्हणून सांगायचं. पोपटासारखं करायचं नाही."

पोपट उडून गेला असं मागच्या वर्षी घरच्यांनी तिला एकमुखाने सांगितलं होतं. पुढे कुंडीत रोप लावताना तो तिलाच सापडला. त्यानंतर महिनाभर ती काकाशी बोलली नाही. बाप जहाजावर नोकरीला, त्यामुळे तिचं सगळं काकापाशीच चालायचं. तो महिना काकाला फार जड गेला होता.

दर रविवारी काका भोकांतून पाणी शिंपडायचा, आणि दर रविवारी तिचा फोन यायचा.

"साहेब?"

"झोपलेत."

आजी आणि वहिनी, म्हणजे पुतणीची आई, शेजारी उभ्या राहून ऐकायच्या. झोपलेल्याला उठवता येतं, झोपेचं सोंग घेतलेल्याला येत नाही, असं आजी एकदा म्हणाली. "आणि मेलेल्याला?" वहिनीने विचारलं.

दहाव्या आठवड्यात पेटीपाशी कुबट वास येऊ लागला. काकाचे हात शिवशिवायला लागले. चार दिवस त्याने मन मारलं. पाचव्या दिवशी दुपारी घरात कुणी नाही असं पाहून तो दोन बारीक तारा घेऊन पेटीपुढे बसला. कुंपणच शेत खातं म्हणतात ते हेच, असं त्याच्या मनात आलं. कुलपाच्या तोंडाशी बारीक ओरखडे होते. आपल्याच दुकानातला माल असा डागी निघावा याचं त्याला वाईट वाटलं.

माती वाटली होती त्यापेक्षा भुसभुशीत होती. त्याने चार बोटं उकरली, मग वीतभर उकरली. साहेब नव्हते. भोकातून निसटले असतील, नाहीतर केव्हाच मातीला मिळाले असतील. पुतणीची शर्यत पंधरा दिवसांवर आली होती. तिला हे फोनवर सांगायचं त्याला धैर्य झालं नाही.

प्राण्यांच्या दुकानात तुटक्या रेघेचा बेडूक नव्हता. सबंध रेघेचा एक होता.

"घ्यायचा तर लगेच घ्या," दुकानदार म्हणाला. "यंदा बेडकांना भलतीच मागणी आहे. काय झालंय लोकांना, कळत नाही."

नवा बेडूक तासाभरात मातीत दिसेनासा झाला. काकाने कुलूप लावलं. त्यानंतर "झोपलेत" म्हणताना त्याची जीभ जड व्हायची.

पुतणी पहिला नंबर काढून परत आली. पदक अजून गळ्यातच होतं, त्याच दोऱ्याशेजारी. पेटी दोन दिवसांपूर्वीच उबदार खोलीत, खिडकीखाली आणली होती आणि कोमट पाणी शिंपडलं होतं. पसरट ताटलीत पाणी तयार होतं. गांडुळं वहिनीने आणली होती, एका बेडकाच्या मानाने जरा जास्तच.

पुतणीने किल्ली काढली.

"थांब," काका म्हणाला. "साहेब गेले. आत आहे तो मी आणलेला. तुझ्या शर्यतीआधी सांगायची हिंमत झाली नाही."

"उकरलंस?"

"उकरलं."

ती कुलूप काढू लागली. झाकण वर केलं, तर सबंध रेघेचा एक बेडूक पानांवर बसलेला होता. काकाने मान खाली घातली.

तेवढ्यात पानांखालून दुसरं डोकं वर आलं. काका ते पाहतच राहिला.

"तो माझा, भावजी," वहिनी हळूच म्हणाली.

तिसरा बेडूक आला तेव्हा आजी चष्मा पुसत होती.

"माझ्याकडे काय बघता? तुम्हा दोघांचे पडलेले चेहरे मला बघवेनात."

पुतणीने तिघांकडे आळीपाळीने पाहिलं. तिचे डोळे भरून आले. "म्हणजे तिघांनी उकरलंत. आणि तिघांनाही साहेब सापडले नाहीत."

तिने झाकण मिटायला घेतलं. त्याच वेळी कोपऱ्यातली माती खालून फुगली, दुभंगली, आणि पाठीवरची तुटकी पिवळी रेघ मिरवत साहेब कामावर हजर झाले.