रेकॉर्डिंग चालू आहे

वडील स्वतःच्या पैशाने सिनेमे काढायचे आणि त्यातले आवाजही घरीच, आतल्या खोलीत तयार करायचे. दार लागलं की आतून थपडा, काहीतरी भिंतीवर आपटल्याचा आवाज, मग आईची किंकाळी. मुलगी दाराला चिकटून उभी राहायची. थोड्या वेळाने आई केस सारखे करत, हसत बाहेर यायची. "घाबरलीस होय गं वेडाबाई? मारामारीचं रेकॉर्डिंग होतं. बाबा ओल्या गादीवर काठी मारतात आणि मी ओरडते." शेजारणींनी विचारलं तर मुलगी ऐटीत सांगायची, "माझी आई सिनेमात ओरडते!"

आई लवकरच गेली. गेल्या महिन्यात वडीलही गेले, तेव्हा मुलीने त्यांचे सगळे जुने, तिने कधीच न पाहिलेले सिनेमे साउंडवाल्याकडे दुरुस्तीला दिले. म्हणाली, "मारामारीचे प्रसंग तेवढे जपून करा. आईचा आवाज आता फक्त त्यातच उरलाय."

आठवड्याने त्याचा फोन आला. "ताई, पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळं ऐकलं. तुमची काहीतरी गल्लत होतेय. साहेबांच्या एकाही सिनेमात कुणी कुणावर साधा हातसुद्धा उगारत नाही."