पायांसकट उडी

बदक्याने काल ती उडी मारली होती. बँकेच्या सगळ्या पायऱ्या ओलांडून, स्केटबोर्डसकट, न पडता खाली उभ्याने उतरला होता. पण कॅमेऱ्यात आला तो कमरेपर्यंतचाच बदक्या. आणि या स्केटबोर्डवाल्या मंडळींत कायदा कडक : जी उडी पायांसकट कॅमेऱ्यात आली नाही, ती मारलीच नाही.

दोष कॅमेरावालीचा. स्केटबोर्डवाल्यांवरचा हा माहितीपट ती एकटीच करत होती. दिग्दर्शक तीच, निर्माती तीच, चहा आणणारीही तीच. बदक्या पायऱ्यांवरून उडणार, त्याच वेळी तिने शेजारच्या उतारावरून स्वतः बोर्डवर, कॅमेरा जमिनीलगत धरून यायचं. काल ऐन उतारावर तिने घाबरून पाय टेकला. या उडीवर माहितीपट संपायचा होता. नाहीतर तो संपतच नव्हता.

आज बँकेला सुट्टी. पहारेकरी म्हणाला, "एकदाच. त्यानंतर तुम्ही मला दिसायला लागाल. मग कायमचं बंद."

कठड्यापाशी तिचे वडील उभे होते. वाहन परवान्याच्या परीक्षेत लोकांना नापास करण्यात त्यांची सगळी नोकरी सरली होती. लेक नेमकं करते काय, ते बघायला आले होते. नातेवाइकांना ते "टीव्हीत आहे" असं सांगून वेळ मारून नेत.

"याला ब्रेक कुठाय?" त्यांनी तिचा बोर्ड उलटा करून पाहिला.

"नसतो, बाबा."

"आणि आरसा?"

"बाबा, तुम्ही जरा गप्प उभे राहता का?"

"राहतो. पण तुला मी दोनदा नापास केलंय, ते काही उगाच नाही."

बदक्या निघाला. ती निघाली. पायऱ्यांच्या कडेवरून तो हवेत गेला, उतारावर तिचा वेग वाढला, आणि काल टेकला होता तिथे आज तिने पाय टेकला नाही. बदक्या खाली उतरला, उभ्याने. ती तशीच पुढे कचराकुंडीपर्यंत गेली आणि आडवी झाली. कॅमेरा तेवढा हातभर वर.

बाबा धावले. तिचा गुडघा फुटला होता. ती कॅमेऱ्याच्या पडद्यात बघत होती.

"पाय आलेत," ती म्हणाली. "दोन्ही."

बदक्याने डोकावून अख्खी उडी पाहिली. मग बोर्ड उभा धरून त्याचं टोक फरशीवर आपटायला लागला. बघायला जमलेल्या बाकीच्या पोरांनीही आपापले बोर्ड आपटायला सुरुवात केली. ठाक, ठाक, ठाक.

"अरे, मोडताय कशाला?" बाबा ओरडले.

"टाळ्या आहेत काका, आमच्यातल्या. कुणाला जमलं की वाजवतो."

"मग तूच स्वतःला वाजवतोयस?"

"मला नाही हो. ताईला."

बाबांनी लेकीकडे पाहिलं, वाकड्या झालेल्या कचराकुंडीकडे पाहिलं. "नियमाने हे नापासच आहे," ते पुटपुटले.

त्यांच्याकडे बोर्ड नव्हता. त्यांनी वाकून उजव्या पायातला बूट काढला आणि एका पायावर तोल सावरत तो लोखंडी कठड्यावर आपटायला लागले, सगळ्यांत जोरात. बुटाची टाच निखळून उडाली, तरी थांबले नाहीत.