रखमाबाईची बोलगार

डॉक्टर क्षिप्रांनी ट्रेमध्ये कापसावर एक बोलगार ठेवली. करवंदाएवढा खडा, मधाच्या रंगाचा. केशरबाईंनी पर्समधून डबी काढली आणि तिच्या शेजारी दुसरी ठेवली. ही काळपट होती, एका बाजूने टवका उडालेली, आणि तिला अजून काळा दोरा बांधलेला होता.

"आई, ही कशाला आणलीस?" रत्नदीप म्हणाला.

"असू दे. त्यांना दिसू दे."

रत्नदीपचे वडील बाबुराव खुर्चीत बसून दोन्हींकडे पाहत होते. अर्धांगाचा झटका आल्यापासून त्यांना सगळं कळत होतं, पण तोंडातून एक शब्द फुटत नव्हता. उभं आयुष्य कल्याणच्या शाळेत मराठी शिकवलं, हेडमास्तर होऊन निवृत्त झाले. मुलांचे 'न' आणि 'ण' वेगळे करता करता केस पिकले. आता तहान लागली की ग्लासकडे बोट दाखवायचे.

बोलगार काळ्या फत्तराच्या पोकळीत सापडते, तीही क्वचित. ती गळ्यात घालून माणूस वर्षानुवर्षं बोलत राहिला की त्याचं बोलणं तिच्यात मुरतं. वाचा गेलेल्याच्या जिभेखाली ती ठेवली की ते सगळं त्याच्या तोंडी उतरतं. पण एकदाच. मग तिचा नुसता दगड होतो. ठाण्याच्या या दवाखान्यात लोक आपल्या गेलेल्या माणसांच्या गारा देऊन जात.

"काका, ही डोंबिवलीच्या एका प्राध्यापकांची," डॉक्टरांनी मधाळ गारेवर बोट ठेवलं. "मराठीचेच होते. तुमच्या बोलण्याच्या अगदी जवळची आहे."

"मी डॉक्टरांशी सगळं बोललेलो, बाबा," रत्नदीप म्हणाला. "ही मिळावी म्हणून थांबलेलो आपण. पहिल्यासारखं बोलाल तुम्ही."

"आणि ही कुणाची?" डॉक्टरांनी काळपट गारेकडे पाहिलं.

"माझ्या आजीची. रखमाबाईची. ठाकुर्लीपलीकडे खाणीवर खडी फोडायची, तिथंच सापडलेली तिला." रत्नदीपचा आवाज खाली आला. "पण आजी अगदीच गावाकडचं बोलायची, डॉक्टर. बाबांना ते... म्हणजे, बाबा हेडमास्तर होते."

डॉक्टर बाबुरावांकडे वळल्या. "काका, ही घेतली तर तुम्ही आजींसारखंच बोलाल. नंतर मला बदलता येणार नाही. आणि आजींचं जे काही यात आहे, ते यातून जाईल."

बाबुराव त्या टवक्याकडे बघत राहिले. तो सुतकीचा, खडी फोडायच्या हातोडीचा घाव होता. त्यांचं नाव घालायला आय शाळेच्या ऑफिसात उभी होती तेव्हा तिच्या लुगड्यावर खडीची भुकटी होती, केसांतही होती. कारकून म्हणाला होता, पोराला घेतो, पण मागं बसवू, भिंतीपाशी. "माझं प्वार म्होरल्या बाकावर बसंल," ती म्हणाली होती. दुसऱ्यांदा म्हणाली नाही, पण दारातून हललीही नाही. शेवटी कारकुनानेच नजर खाली घातली. पहिल्या बाकावर बसूनच बाबुराव शुद्ध मराठी शिकले होते.

त्यांनी हात पुढे केला. रत्नदीपने ट्रे हळूच फिरवला. "बाबा, ती नाही. ही."

बाबुरावांनी मुलाचा हात धरून बाजूला ठेवला, आणि काळपट गार उचलली. एका हाताने दोऱ्याची गाठ सुटेना. केशरबाई पुढे झाल्या. गाठ जुनी होती, नखं घालून घालून त्यांनी ती सोडवली. मग बाबुरावांनी स्वतःच गार जिभेखाली ठेवली आणि डोळे मिटले.

आधी नुसती भुकटीची चव आली. मग घसा तापला, कानशिलं तापली. कपाळावर घाम आला तसा रत्नदीप उठायला लागला, पण डॉक्टरांनी त्याला खुणेनं बसवलं. बऱ्याच वेळाने बाबुरावांनी तोंड उघडलं. बाहेर काढलेली गार राखाडी झाली होती. रस्त्यावर पडली असती तर कुणी उचलली नसती.

डॉक्टरांनी चित्राचं कार्ड समोर धरलं. ग्लास, काठोकाठ भरलेला. "काका, हे काय आहे?"

ओठ हलले. आवाज घोगरा आला, पण आला.

"पानी."

"पाणी," डॉक्टरांनी सवयीनं सुधारलं.

बाबुराव हसले. "पानीच म्हनायचं, बाई. माज्या आयनं मला पानीच पाजलंय."

कार्ड तसंच डॉक्टरांच्या हातात राहिलं. मग त्यांनी मान हलवली आणि ते खाली ठेवून दिलं.

"बाबा," रत्नदीप म्हणाला. त्याने खाली पाहिलं. "बाबा, तुम्ही अगदी आजीसारखं..."

"मंग? आनी कुनावानी बोलू?" बाबुराव मोठ्यानं म्हणाले. दार उघडंच होतं, बाहेर बसलेले लोक आत बघू लागले. "आन खाली काय बघतुयास? वर बघ की जरा. रखमाबाईचा नातू हायेस तू."

रत्नदीपने वर पाहिलं. डोळे भरलेले होते, तरी त्याने ते पुसले नाहीत.

 पहिल्याच शब्दाला केशरबाई खुर्चीवरून उठून उभ्या राहिल्या होत्या, आणि हात आपसूक मागे गेला होता. सासूबाई गेल्यानंतर कधी घेतला नव्हता, तो पदर त्यांनी डोक्यावर घेतला. आणि बाबुराव उठून निघाले तशा बाहेरच्या सगळ्या लोकांदेखत, तसाच पदर घेऊन, मान वर ठेवून, नवऱ्याच्या बरोबरीने चालू लागल्या.