सहावा हेर

"हा कितवा?" बन्सीधरअप्पांनी विचारलं.

"सहावा," टीव्हीवरची नजर न हलवता त्यांची बायको कस्तुराबाई म्हणाली. "गप ऱ्हा जरा. बोलायलाय त्यो."

तो बोलत होता, तेच तर अप्पांना खुपत होतं. साठ वर्षांत सिनेमातल्या त्या इंग्रज हेराचे पाच नट बदलले, हा सहावा; गाड्या बदलल्या, पिस्तुलं बदलली. पण पेडगावात त्याचा आवाज एकच होता, अप्पांचा. चावडीपुढं व्हिडिओ लागायचा, सिनेमा इंग्रजी आणि माईक अप्पांच्या हातात. त्यांना इंग्रजीचं एक अक्षर येत नव्हतं. पडद्यावर तोंड हललं की अप्पा बोलायचे. त्यांचा हेर शत्रूला पिंगळीच्या स्टेशनावर गाठायचा, गोऱ्या बायांना 'चल गं जिंतूरला' म्हणायचा. बायांच्या घोळक्यात सगळ्यात मोठ्यानं कस्तुराबाई हसायची.

आज नात टीव्ही लावून देऊन क्लासला गेली होती, आणि कुणीतरी भाडोत्री आवाज हेराच्या तोंडून गोड हिंदी बोलत होता. हेराच्या मांडीवर एक जखमी बाई होती. हेर रडत होता. कस्तुराबाईनं डोळ्याला पदर लावला.

अप्पांचा जळफळाट झाला. आपल्या हेरासाठी ही एवढी वर्षं हसली, रडली कधीच नाही.

"ह्यो कसला हेर? बसून रडायलाय! माझा कधी रडला न्हाई."

"तुमचा नुसता बडबडायचा." कस्तुराबाईनं रिमोट उचलला आणि आवाज बंद केला. "घ्या. बोला आता."

अप्पांनी घसा खाकरला. जुन्या धमक्या आठवल्या, जुने विनोद आठवले, त्यातलं इथं काहीच चालण्यासारखं नव्हतं. पडद्यावर हेर त्या बाईच्या केसांवरून हात फिरवत होता. त्याचे ओठ हलत होते. कस्तुराबाई वाट बघत होती.

"लय दमलीस," अप्पांनी माईकवरचा आवाज लावला, पण तो मधेच बसला. "पडून ऱ्हा तू. चहा मी करतो."

कस्तुराबाईनं भिंतीला पाठ टेकली, पाय पसरले. रिमोट मांडीखाली सारला.

"मग करा की," ती म्हणाली. "पर तितून बोलत ऱ्हा. सिनेमा अजून बाकी हाय."