पाण्याच्या देवाची परवानगी

"पाण्याच्या देवाची परवानगी घेतल्याशिवाय कुंडात उतरायचं नाही," असं पाहुण्यांना बजावून गाइड फिदेन्सिओ काठावर डोळे मिटून बसायचे. सकाळी माया लोकांची प्राचीन मंदिरं दाखवून झाली की रोज हेच. पाहुणे मनसोक्त पोहायचे, हे कोरडेच.

आज सहलीला नात आली होती, सुएमी.

"आजोबा, तुम्हाला अजून नाही मिळाली परवानगी?"

"मागतोय गं. तीस वर्षं झाली."

"मला लगेच मिळाली. देव म्हणाला, आजोबांनाही हात धरून आण."

संध्याकाळी बस व्हायादोलिद गावातल्या चर्चसमोर थांबली. चौकात कणसं विकणाऱ्या बाईनं आजोबांची ओली विजार पाहिली.

"पाय घसरला वाटतं?"

"छे! परवानगी मिळाली," आजोबा ताठ मानेनं म्हणाले. "सध्या गुडघ्यापर्यंतची."