रंगाऱ्याची नजर

मुळशीच्या गेणबा रंगाऱ्याने इटालियन धाटणीच्या, पण ओस पडलेल्या लवासातल्या पिवळ्या-केशरी इमारती चार वर्षं रंगवल्या होत्या. शिकायला इटलीला गेलेल्या त्याच्या लेकीने, धम्मदीपाने, तिथल्या तळ्याकाठून व्हिडिओ कॉल केला आणि तिच्यामागची घरं बघून तो भडकलाच.

"बापाला शेंडी लावतीस व्हय? त्या भिंती मी रंगवल्यात. लवासात बसलीयास तू!"

"आप्पा, चारशे वर्षांचं गाव हाय हे. नीट बघा तरी!"

तिने फोन चौफेर फिरवला. दोऱ्यांवर कपडे वाळत होते, खिडक्याखिडक्यांतून बाया गप्पा मारत होत्या, पोरं जिन्यात खेळत होती.



गेणबाने नाक मुरडलं. "व्हय, हे लवासा न्हाई. नक्कल मारलीय लेकांनी, आन तीबी धड जमली न्हाई. घराघरात माणसं ठेवलीत!"