सारखी चूक

तपासनीसानं मधल्या दाराची कडी स्वतःच्या हातानं लावली. अलीकडच्या खोलीत टेलरबाई, पलीकडच्या खोलीत मास्तरीणबाई. आता बघतोच कशा नकला करतात ते, तो मनाशी म्हणाला.

कचेरीत कॉम्प्युटरला शब्दांचे अर्थ शिकवायचं काम चाले. कुठल्या वाक्यात शब्दाचा कुठला अर्थ घ्यायचा, त्यावर माणसांनी खूण करायची. अशा हजारो खुणा बघून यंत्राला हळूहळू उमगू लागे. प्रत्येक वाक्य दोघांकडे जाई, एकमेकांना विचारायची बंदी. इतर जोड्यांचं शंभरात ऐंशी वेळा जुळे. या दोघींचं अठ्ठ्याण्णव वेळा. पाणी कुठंतरी मुरत होतं.

त्यानं टेबलं हलवली, मजले बदलले, कामाच्या वेळा बदलल्या. आकडा तसूभर हलेना. बरं, दोघी एकमेकींशी बोलतही नसत. एक चहाला आली की दुसरी अर्धा कप तसाच टाकून उठे. इतका अबोला त्याला जास्तच खटकला. मांजर डोळे मिटून दूध पितं म्हणतात, ते काय उगाच?

आणि आज सापडल्याच. ‘तिनं दार लोटलं आणि ती आडवी झाली.’ हे वाक्य त्यानं मुद्दाम सगळ्यांनाच दिलं होतं. लोटलं म्हणजे बंद केलं, अशी खूण बाकी बाराही जणांची. या दोघींची मात्र ‘उघडं ठेवलं’वर! बरोबर उत्तर दोघांचं सारखं येऊ शकतं. पण चूकसुद्धा सारखी? दोघींना आजच घरी पाठवायचं त्यानं ठरवून टाकलं. दुकान बंद पडल्यापासून टेलरबाईंना दुसरा आधार नव्हता, हे ठाऊक असूनही.

"असं का केलंत?" त्यानं आधी टेलरबाईंना विचारलं.

"लोटलंय ना, कडी कुठं घातलीय? घरातलं कोणी बाहेर असलं की आमची आई दार नुसतं लोटायची."

तो बाहेरून वळसा घालून पलीकडे गेला. मास्तरीणबाईंना तोच प्रश्न.

"कडी नाही घातली, म्हणजे उघडंच की. कोणी यायचं राहिलं असलं की आमची आई दार नुसतं लोटून ठेवायची."

तपासनीस उसळला. "पाठ करून आलात दोघी! टेलरबाईंनीही आत्ता हेच सांगितलं. आईसकट!"

मास्तरीणबाईंनी चष्मा काढला. त्यांना एकदम भरून आलं.

"तिला आठवतंय?" त्या म्हणाल्या. "धाकटी बहीण आहे ती माझी. अकरा वर्षांपूर्वी भांडून घर सोडून गेली. इथं कामाला लागले, तर समोर ही. बोलायचं कुणी आधी, इतकंच राहिलंय."

मास्तरीणबाई कडी लावलेल्या मधल्या दाराकडे बघत होत्या.

"आई गेली, साहेब. पण दार मी अजून नुसतं लोटतेच."